पडद्याआडचा कागद

वाशिमचा एक राजा कवी होता, हे वाशिमकरांनाही अनेकदा ठाऊक नसते. इसवी सनाच्या चौथ्या शतकात वाकाटक घराण्यातल्या सर्वसेनाने वत्सगुल्म, म्हणजे आजचे वाशिम, ही आपली राजधानी केली. या सर्वसेनाने प्राकृतात ‘हरिविजय’ नावाचे काव्य रचले. सत्यभामेचा रुसवा काढण्यासाठी कृष्णाने स्वर्गातून पारिजात आणला, ही त्याची कथा. काव्य काळाच्या ओघात हरवले. नंतरच्या अलंकारशास्त्रकारांनी आपापल्या ग्रंथांत दिलेल्या अवतरणांपुरतेच ते आता उरले आहे. पण नवव्या शतकात दूर काश्मीरमध्ये बसलेल्या आनंदवर्धनाने ‘ध्वन्यालोका’त सर्वसेनाचे नाव थेट कालिदासाच्या जोडीने घेतले. कशासाठी? मूळ कथेत रसाला मारक असेल ते कवीने टाकून द्यावे आणि पोषक असेल ते नव्याने घालावे, हे ज्यांना साधले त्यांची उदाहरणे देताना त्याला वाशिमचा हा राजा आठवला!

कथेतले काय ठेवायचे, काय टाकायचे, कुठे नवा टाका घालायचा, हे काम आज ज्याच्याकडे असते त्याला आपण पटकथाकार म्हणतो. आणि नियतीचा खेळ असा की, सर्वसेनाच्या काव्याचे जे झाले तेच प्रत्येक पटकथेचे होते. चित्रपट पूर्ण झाला की पटकथा नाहीशी होते. मागे उरतात ते नटांचे चेहरे, गाण्यांच्या चाली, फार तर दिग्दर्शकाचे नाव. लिहिलेला कागद कुठल्या तरी कपाटात पिवळा पडतो.

आपल्याकडे तर लेखकाच्या नावाची परवड जुनी आहे. 1973 साली ‘जंजीर’ प्रदर्शित झाला तेव्हा पोस्टरवर लेखकांचे नावच नव्हते. सलीम-जावेद यांनी रंगारी गाठला आणि रातोरात मुंबईतल्या पोस्टरांवर आपले नाव रंगवून घेतले. त्या भल्या माणसाने म्हणे ते सापडेल तिथे छापले, अगदी नटांच्या चेहऱ्यावरसुद्धा! हा किस्सा हसून सांगितला जातो, पण त्यामागची वेदना खरी आहे.

आज ओळख करून घ्यायची आहे ती अशाच एका पडद्याआडच्या नावाची. सूनी तारापोरवाला. मुंबईच्या पारशी घरातली मुलगी. अमेरिकेच्या स्वतंत्र चित्रपटसृष्टीत तिने लिहिलेले चित्रपट गाजले, व्हेनिसला पटकथेचा मान मिळाला, आणि तरीही तिचे नाव आपल्याकडच्या सिनेमावेड्या घरांतही क्वचितच निघते.

मुंबई ते हार्वर्ड आणि परत

तारापोरवाला यांचा जन्म 1957 चा. शाळा मुंबईत. पुढे शिष्यवृत्तीवर त्या अमेरिकेतल्या हार्वर्ड विद्यापीठात गेल्या. विषय इंग्रजी व अमेरिकन साहित्य, पण सोबत सिनेमाचेही काही अभ्यासक्रम घेतले. तिथेच ओरिसातून आलेल्या मीरा नायर या समवयस्क मुलीशी मैत्री जमली. ही मैत्री पुढे किती चित्रपटांना जन्म देणार आहे, याची तेव्हा दोघींनाही कल्पना नसणार. हार्वर्डनंतर सूनीने न्यूयॉर्क विद्यापीठात चित्रपटाचा सिद्धांत आणि समीक्षा या विषयात 1981 साली पदव्युत्तर पदवी घेतली.

एवढे शिकलेली मुलगी अमेरिकेतच राहणार, असे कोणीही म्हटले असते. सूनी परतली. हाती कॅमेरा होता. मुंबईत मोकळी छायाचित्रकार म्हणून तिने काम सुरू केले. आपला पारशी समाज संख्येने झपाट्याने कमी होत चालला आहे, हे तिला दिसत होते. म्हाताऱ्या मावशा, अग्यारीबाहेरची गर्दी, नवजोतीचे सोहळे, खिडकीत बसलेले एकटे चेहरे ती टिपत राहिली. या छायाचित्रांचे पुस्तक निघायला 2000 साल उजाडले. म्हणजे जवळजवळ वीस वर्षे!

पटकथेचा विषय सोडून छायाचित्रांकडे वळण्याचे कारण आहे. पटकथा ही कादंबरीसारखी नसते. ‘त्याला फार वाईट वाटले’ असे वाक्य पटकथेत निरुपयोगी. वाईट वाटले हे दिसणार कसे? तो ताटावरून उठला की भिंतीकडे तोंड करून निजला? पटकथाकाराला जे दिसेल आणि जे ऐकू येईल तेवढेच लिहिता येते. साधारण एक पान म्हणजे पडद्यावरचा एक मिनिट, असा या धंद्यातला ठोकताळा. दोन तासांच्या चित्रपटाला एकशेवीस पाने मिळतात, त्यातच माणसाचे आयुष्य बसवायचे. डोळ्यांनी विचार करण्याची ही सवय सूनीला कॅमेऱ्याने लावली असावी.

चायपावची गोष्ट

मीरा नायर तोवर माहितीपट करीत होत्या. रस्त्यावर वाढणाऱ्या मुलांवर कथाचित्र करायचे त्यांच्या मनात आले आणि त्यांनी मैत्रिणीला लिहायला बोलावले. सूनीने त्याआधी एकही चित्रपट लिहिलेला नव्हता. दोघींनी मुंबईचे फलाट, गल्ल्या, वेश्यावस्ती पालथी घातली. मुलांशी बोलल्या आणि मुख्य म्हणजे त्यांचे ऐकले.

त्यातून आला ‘सलाम बॉम्बे’. सर्कशीने मागे टाकलेला कृष्णा नावाचा पोरगा. घरी परतायला त्याला पाचशे रुपये जमवायचे आहेत. मुंबईत तो चहाच्या टपरीवर लागतो आणि त्याचे नाव गळून ‘चायपाव’ होते. पाचशे रुपये! आपल्यासाठी ही रक्कम लहान, पण सारा चित्रपट या एका आकड्याभोवती फिरतो. नोटा वाढतात, घटतात, आणि प्रेक्षकाचा जीव त्यांच्यात अडकतो. चांगली पटकथा असाच एखादा साधा खिळा ठोकते आणि त्यावर सगळा भार टांगते.

चित्रीकरणाआधी रंगकर्मी बॅरी जॉन यांनी मुलांची कार्यशाळा घेतली. त्यातून चोवीस मुले निवडली गेली. मुलांच्या बोलण्यातून, वागण्यातून नवे तपशील मिळत गेले. पटकथा सूनीने इंग्रजीत लिहिली, हिंदी संवाद हृदय लानी यांचे. म्हणजे सूनीने लिहिलेला शब्द पडद्यावर जवळपास ऐकूच येत नाही. तरी चित्रपटाचा सांगाडा तिचा: कोणता प्रसंग आधी, कोणता नंतर, कुठे थांबायचे. शेवटी गणपतीच्या मिरवणुकीच्या लोंढ्यात सोबतीचा हात सुटलेला कृष्णा एका पायरीवर एकटा बसतो, हातात भोवरा. एक शब्द नाही. घर सुटलेले पोर अजून पोरच आहे, हे तो भोवरा सांगून जातो.

1988 साली कान महोत्सवात ‘सलाम बॉम्बे’ला पदार्पणाच्या चित्रपटासाठी असलेला ‘कॅमेरा दोर’ मिळाला. पुढच्या वर्षी ऑस्करसाठी परभाषिक चित्रपटांत नामांकन झाले. ‘मदर इंडिया’नंतर हा मान मिळवणारा तो दुसरा भारतीय चित्रपट. नाना पाटेकर आणि रघुवीर यादव यांच्याइतकेच कौतुक कृष्णा झालेल्या शफीक सय्यदचे झाले. त्याला बालकलाकाराचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पण टाळ्या वाजल्या म्हणून आयुष्य बदलतेच असे नाही. शफीकने पुढे बंगळूरला ऑटोरिक्षा चालवून संसार केला, ही बातमीही वर्तमानपत्रांनी छापली. चित्रपटाच्या निमित्ताने 1988 मध्ये ‘सलाम बालक ट्रस्ट’ उभा राहिला आणि रस्त्यावरच्या मुलांसाठी तो काम करीत आला, ही जमेची बाजू. दुसऱ्याचे दुःख कागदावर उतरवणाऱ्याने त्या माणसाचे काय देणे लागते, हा प्रश्न मात्र अशा प्रत्येक चित्रपटामागे उभा असतोच.

‘गोरा नायक कुठे आहे?’

आता ‘स्वतंत्र’ सिनेमा म्हणजे काय, हे पाहिले पाहिजे. हॉलिवूडमध्ये मोठे स्टुडिओ पैसा घालतात आणि पैशाबरोबर हुकूमही चालवतात. स्वतंत्र चित्रपटकर्ता या दारात उभा राहत नाही, किंवा त्याला उभे करत नाहीत. तो चार ठिकाणांहून पैसा गोळा करतो. ‘सलाम बॉम्बे’साठी आपले राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळ, दूरदर्शन, ब्रिटनचे चॅनल फोर आणि फ्रान्समधले निर्माते अशी मोट बांधावी लागली होती. अशा चित्रपटात पैसा थोडा असतो, म्हणून भपका नसतो. मग प्रेक्षकाला धरून ठेवायची सगळी जबाबदारी कागदावर येते. स्वतंत्र सिनेमात लेखकाचे मोल वाढते ते असे.

सूनी-मीरा जोडीचा पुढचा चित्रपट ‘मिसिसिपी मसाला’ (1991). युगांडात पिढ्यान् पिढ्या राहिलेल्या हिंदी लोकांना 1972 मध्ये इदी अमीनने नव्वद दिवसांत देश सोडायला लावला. त्यातले काही फिरत फिरत अमेरिकेच्या दक्षिणेत पोहोचले. त्या मुलखात हमरस्त्याकडेच्या कितीतरी मोटेलांचे मालक गुजराती आहेत. या मोटेलांत राहणारी, युगांडात जन्मलेली हिंदी मुलगी मीना आणि गालिचे साफ करण्याचा धंदा करणारा काळा तरुण डिमीट्रियस यांच्या प्रेमाची ही गोष्ट. डेन्झेल वॉशिंग्टन, सरिता चौधरी, रोशन सेठ आणि शर्मिला टागोर अशी नटमंडळी. लिहिण्यापूर्वी या दोघी मिसिसिपीत आणि युगांडात जाऊन माणसांना भेटून आल्या.

पैसेवाल्यांनी विचारले, यात गोऱ्या नायकाला जागा करता येणार नाही का? मीरा नायर यांनी उत्तर दिले की, वेटरची कामे मी सगळी गोऱ्यांना देईन! ते दार अर्थातच बंद झाले. विनोद बाजूला ठेवला तरी प्रश्न गंभीर होता. अमेरिकेच्या पडद्यावर दोन माणसे प्रेम करणार आणि दोघांपैकी कोणीच गोरे नाही, ही कल्पनाच तेव्हा अनेकांच्या पचनी पडत नव्हती.

पटकथेचे धाडस मात्र आणखी पुढचे आहे. वर्णभेदाने देशोधडीला लागलेले हिंदी कुटुंब, मुलीने काळा मुलगा निवडताच, स्वतः वर्णभेद करू लागते. ‘बिचारे आपले लोक’ अशी सोयीची गोष्ट लिहिणे सोपे होते. सूनीने आपल्याच माणसांच्या घरातला आरसा पुसून समोर धरला. ‘आपल्यातला’ जावई हवा हा हट्ट वाशिमपासून वॉशिंग्टनपर्यंत सारखाच, त्यामुळे हा चित्रपट पाहताना मराठी प्रेक्षकालाही खुर्चीत थोडी चुळबुळ करावी लागते. 1991 च्या व्हेनिस महोत्सवात या पटकथेला पुरस्कार मिळाला.

एका महामानवाची पटकथा

अमेरिकेत असे नाव झालेल्या या लेखिकेचा एक धागा थेट महाराष्ट्राच्या काळजाशी जोडलेला आहे. डॉ. जब्बार पटेल दिग्दर्शित ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’ हा इंग्रजी चित्रपट घरोघरी पाहिला गेला. त्याच्या लेखनात तीन नावे आहेत: सूनी तारापोरवाला, दया पवार आणि अरुण साधू. एक हार्वर्डला शिकलेली पारशी लेखिका, एक ‘बलुतं’चे लेखक, आणि एक आपल्या परतवाड्यात जन्मलेले पत्रकार-कादंबरीकार. महाराष्ट्राचे तीन कोपरे एका कागदावर आले. दया पवार 1996 मध्येच गेले. चित्रपट सर्वसामान्य प्रेक्षकांपुढे 2000 साली आला, तो त्यांना पाहता आला नाही.

या कामाची अवघड जागा लक्षात घ्या. महाड, नाशिक, पुणे करार, राज्यघटना, नागपूरची दीक्षा. यातले एकही टाकता येत नाही आणि सगळे दाखवायला तीन तासांच्या आसपासच वेळ. वर पुन्हा लक्षावधी लोकांनी हृदयात ठेवलेला माणूस पडद्यावर मूर्तीसारखा न दिसता माणसासारखा दिसायला हवा: पुस्तकांच्या वेडापायी भूक विसरणारा, रमाबाईंच्या आठवणीने हलणारा. मामुट्टी यांना या भूमिकेसाठी सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्या अभिनयाला उभे राहायला जमीन दिली ती या तिघांच्या कागदाने.

टाकण्याची कला

दुसऱ्याच्या पुस्तकावरून पटकथा करणे हा सूनी यांच्या कारकिर्दीतला मोठा भाग. 1998 मध्ये रोहिंटन मिस्त्री यांच्या ‘सच अ लाँग जर्नी’ या कादंबरीवरचा चित्रपट आला. 1971 च्या युद्धकाळातला मुंबईचा पारशी बँक कारकून गुस्ताद त्याचा नायक. इमारतीच्या भिंतीवर लोक लघवी करतात म्हणून तो फुटपाथवरच्या चित्रकाराकडून तिच्यावर सर्व धर्मांचे देव काढून घेतो, आणि घाणेरडी भिंत पाहता पाहता देवस्थान होते. त्याच वर्षी अब्राहम व्हर्गीज यांच्या आठवणींवरचा ‘माय ओन कंट्री’ हा दूरचित्रवाणीपट आला. अमेरिकेतल्या छोट्या गावात एड्सच्या रुग्णांवर उपचार करणारा हिंदी डॉक्टर हा त्याचा विषय.

मग 2006 मध्ये झुंपा लाहिरी यांच्या कादंबरीवरचा ‘द नेमसेक’. तब्बू, इरफान खान आणि एका बंगाली जोडप्याचा अमेरिकेतला संसार. कादंबरीचा भर गोगोल या मुलावर आहे. चित्रपटात आईवडिलांना, विशेषतः आई आशिमाला, बरोबरीची जागा मिळाली. बोस्टनच्या परिसराऐवजी न्यूयॉर्क आले. गोगोलच्या आयुष्यातली काही माणसे पडद्यावर आलीच नाहीत. पण एक छोटा प्रसंग जपला गेला. मुलगी पाहायला आलेल्या अशोकचे अमेरिकन बूट दाराबाहेर काढलेले आहेत. आत जाण्याआधी आशिमा कोणाला न कळत त्यात पाय घालून पाहते. झाले! अनोळखी माणूस, अनोळखी देश, भीती आणि ओढ, सगळे त्या दोन बुटांत मावले. असा प्रसंग ओळखणे आणि त्याच्यासाठी दहा चांगली पाने खुशाल टाकून देणे, यालाच पटकथा म्हणतात. आनंदवर्धनाने वाशिमच्या राजाची पाठ थोपटली होती ती याच गुणासाठी.

पुढे सूनी यांनी स्वतः दिग्दर्शनही केले. ‘लिटल झिझू’ (2008) मध्ये मुंबईच्या पारशी मोहल्ल्यातला एक मुलगा, आपली देवाघरी गेलेली आई फुटबॉलपटू झिदानला मुंबईत आणील, अशी आशा धरून बसलेला. ‘ये बॅले’ (2020) मध्ये मुंबईच्या गरीब वस्त्यांतून बॅले नृत्याकडे झेपावलेली दोन मुले, तीही खऱ्या घडलेल्या कथेवरून. भारत सरकारने 2014 मध्ये त्यांना पद्मश्री दिली.

हिशेब

1988 ते 2020. बत्तीस वर्षे, आणि नाव लागलेले चित्रपट बोटांवर मोजण्याइतके. दर शुक्रवारी नवा तारा उगवणाऱ्या या धंद्यात ही कारकीर्द लहान वाटेल. पण यादी पुन्हा वाचा. रस्त्यावरची मुले, देशोधडीला लागलेली माणसे, बाबासाहेब, मुंबईचा पारशी कारकून, परदेशातली आई, झोपडीतला नर्तक. घर सुटणे आणि नवे घर शोधणे, ही एकच गोष्ट ही बाई वेगवेगळ्या माणसांच्या तोंडून सांगत आली. अमेरिकेच्या पैशावर, अमेरिकेच्या प्रेक्षकांसाठी लिहितानाही तिने आपली गल्ली सोडली नाही. उलट गल्ली इतकी नीट पाहिली की तिथून मिसिसिपीही दिसली.

आपल्या घरातला एखादा मुलगा किंवा मुलगी ‘मला सिनेमा लिहायचा आहे’ म्हणाली, तर आईवडिलांच्या कपाळावर आठी पडते. ती गैर नाही. या धंद्यात पगार नाही, वाट पाहणे फार, आणि नाव होईलच याची खात्री नाही. पण त्या मुलाला सांगायची गोष्ट ‘मुंबईला जाऊ नकोस’ ही नाही. जाण्याआधी इथले पाहून घे, ही आहे. पोहरादेवीच्या यात्रेला लोटणारे तांडे, बाजार समितीत भावाची वाट पाहत पोत्यावर बसलेला शेतकरी, एसटीच्या फलाटावर माहेराहून परतणारी सून. यांच्याजवळ बस, ऐक, आणि जे दिसले तेवढेच लिही. आपल्या गोष्टी आपण लिहिल्या नाहीत तर दुसरे कोणी तरी लिहील, आणि त्यात आपल्याला कदाचित वेटरचेच काम मिळेल.

राहिला प्रश्न नावाचा. सर्वसेनाचे काव्य गेले, पण काय ठेवावे आणि काय टाकावे हे त्याला कळत होते, एवढी साक्ष सोळाशे वर्षे टिकली. लेखकाला याहून मोठी श्रेयनामावली मिळत नाही. तेव्हा पुढच्या वेळी पडद्यावर नावे सरकू लागली की उठायची घाई करू नये. ‘पटकथा’ हा शब्द येईपर्यंत क्षणभर थांबावे आणि त्यापुढचे नाव वाचावे.